माझ्याआधी दार वाजवा

मित्रांनो, दवाखान्याच्या कोठीत कोपऱ्यात पडलेला मी एक जुना फवारणीचा पंप आहे. कारखान्यात मला पितळी पोट आणि लांब नळी मिळाली, तेव्हा वाटलं होतं, आपण फुलझाडांच्या कामी येऊ. पण शहरात जीवघेणी साथ आली आणि माझ्या पोटात झोंबणारं औषध भरलं गेलं.

ज्या घरात माणूस दगावे, तिथे मला नेत. फवारणीवाला ताडमाड उंच, त्याला सगळे ‘खांब’ म्हणत. अरुंद दारात साथीपासून बचावाचा पोशाख चढवता येत नसे, म्हणून तो आणि सोबतची दवाखान्यातली सिस्टर गल्लीच्या तोंडाशीच चेहरे झाकून घेत. दवाखान्याच्या साहेबांनी माझं कौतुक केलं आणि मीही फुगलो. पण माझा आवाज ऐकला की दारं धडाधड बंद होत. पंप दिसला म्हणजे माणूस गेला, हे लोकांच्या मनात पक्कं बसलं होतं.

एका शिंपीणबाईचा नवरा गेला. सिस्टरने तिच्या मुलीची चौकशी केली, तर ती मावशीकडे गेली असं सांगून बाई शिलाई मशीन चालवत राहिली. मी बघितलं, सुईखाली कापडच नव्हतं. आतल्या खोलीतला खोकला त्या खडखडाटात बुडावा, म्हणून तिचे पाय चालले होते. सिस्टरच्या चष्म्यावर वाफ धरली होती, तिला ते दिसलं नाही. आणि मला तोंड कुठे होतं?

त्याच आठवड्यात आम्ही पुन्हा तिथे गेलो. मुलीच्या अंथरुणावर औषध मारताना मला माझीच किळस आली. बाई उंबऱ्यात बसली होती.

“आधी नेली असती तर वाचली असती का?” तिने विचारलं.

“कदाचित,” सिस्टर म्हणाली.

“तुम्ही येता तेच मुळी कुणी मेल्यावर. जित्या पोरीला कशी देणार होते मी तुमच्याकडे?”

दुसऱ्या दिवसापासून सिस्टर मला गल्लीबाहेर ठेवून एकटी पुढे जाऊ लागली. लांब उभी राहून, उघड्या चेहऱ्याने आधी विचारपूस करायची आणि मग सगळ्यांदेखत पोशाख चढवायची. हे म्हणजे वरातीमागून घोडं, असं खांब पुटपुटला, आणि ते खरंच होतं. तरी दारं उघडू लागली. माणसं वेळेवर दवाखान्यात पोचू लागली, त्यातली काही वाचली. जे घर उघडत नसे, तिथे शिंपीणबाई स्वतः जाऊन उभी राही. ती एवढंच म्हणे, “माझी मी लपवली होती.”

आता माझा वायसर सुकलाय, नळीला चिरा पडल्यात. मित्रांनो, मला धुऊन-पुसून ठेवा, साथ काही सांगून येत नाही. पण मला पाठीवर घेण्याआधी कुणाला तरी रिकाम्या हातांनी दारात पाठवा. आणि आत मशीन चालू असेल, तर सुईखाली कापड आहे का, तेवढं बघा.