घंगाळातलं तीर्थ

"निवळलं! निवळलं!"

नदीकाठच्या कट्ट्यावर दोनशे माणसांनी एकदम हात जोडले. निर्मलनाथ महाराजांनी तांब्याच्या घंगाळातलं पाणी काचेच्या बरणीत ओतलं. पाऊण तासापूर्वी चहासारखं गढूळ असलेलं मुठेचं पाणी आता आरपार दिसत होतं. लगेच तांबे, बाटल्या, टिफिनचे डबे पुढे सरसावले आणि लोक ते चक्क प्यायले. मुठेचं पाणी! पुलावरून जाताना आपण जिच्यामुळे नाकाला रुमाल लावतो, ती मुठा! मी नाक दाबून दोन पावलं मागे सरकले.

कृती अशी. नदीच्याच पाण्यानं भरणाऱ्या काठावरच्या दगडी कुंडातून घंगाळात पाणी काढायचं. शेंदूर फासलेला 'स्वयंभू पाषाण' महाराजांनी त्यात एकशे आठ वेळा फिरवायचा. मग जप, प्रवचन, आरती. तोवर घंगाळाला कुणी धक्काही लावायचा नाही. पाषाण पहिल्या दिवशी नारळाएवढा होता, पंधरा दिवसांत मोसंबीएवढा झाला.

"महाराज, देव लहान का होतोय?" मी विचारलंच.

"देव सूक्ष्मात चाललाय, बाळ."

"आणि तीर्थ तुरट का लागतं?" मागून कुणीतरी म्हणालं.

"पाप जिभेवरून उतरताना तुरटच लागतं."

यावर टाळ्या! खरंच टाळ्या पडल्या.

महाराजांच्या मते कसब्यातलं हे कुंड हजार वर्षांपूर्वी एका ऋषींनी तपोबलानं खोदलं. मी तेव्हा शाळेसाठी 'आमच्या पेठेचा इतिहास' हा प्रकल्प करत होते. तांबट आळी, कुंभार वेस, सगळं वही घेऊन पालथं घातलं होतं. म्हणून कुंभारवाड्यातल्या म्हाताऱ्या गोदाबाईंना गाठलं.

"ऋषी?" त्या म्हणाल्या. "माझ्या सासऱ्यांनी बांधलाय तो हौद. माती भिजवायला. तापट होते खरे, पण ऋषी नव्हते."

हौदाच्या वरच्या अंगाला, पंधरा पावलांवर, नाल्याचं तोंड आहे. ते कुणाला विचारावं लागत नाही. नाक पुरतं.

मी हसून सोडून दिलं असतं. पण माझी बहीण उल्काताई आठव्या महिन्यात होती, बाळंतपणासाठी आमच्याकडे आलेली. आणि मथुराआत्यानं जाहीर केलं, "सोमवारपासून उल्का सात दिवस तीर्थ घेणार. डॉक्टरांच्या गोळ्या बंद. महाराजांचा शब्द आहे." गोळ्यांची पाकिटं तिनं स्वतःच्या पिशवीत टाकलीसुद्धा. आत्याला आठवडाभर जुलाब होत होते. ती म्हणायची, "शुद्धी चाललीय!"

मी पप्पांकडे बघितलं. ते मान खाली घालून तांब्यावर ठोके देत राहिले. आम्ही तांबट. आमच्या आळीतल्या हातोड्या कित्येक वर्षं थंडावल्या होत्या. 'हातानं ठोकलेल्या भांड्यातच तीर्थ टिकतं' असं महाराज बोलले, तेव्हापासून त्या दिवसभर वाजत होत्या.

"मोठ्यांच्या गोष्टीत पडू नकोस," पप्पा म्हणाले.

मी पडले. शुक्रवारी आत्याच्या तांब्यातलं नितळ तीर्थ घेऊन जिनत मॅडमकडे गेले. त्या आम्हाला विज्ञान शिकवतात. त्यांनी पाणी तपासायची छोटी बाटली दिली.

"यात भर, झाकण घट्ट लाव, दोन दिवस उबेला ठेव. विष्ठेतले जंतू असतील तर पाणी काळं पडेल."

रविवारी बाटली डांबरासारखी काळी होती.

सोमवारी उल्काताई पहिल्या रांगेत प्लास्टिकच्या खुर्चीवर बसली होती. महाराजांनी पाषाण फिरवून ताम्हनात ठेवला. मी पुढे झाले आणि उचलला.

"ए! मुलींनी शिवायचं नाही! पाणी नासेल!"

"एवढ्या शहराच्या गटारानं नाही नासलं, ते माझ्या बोटांनी नासेल?"

मी नखानं शेंदूर खरवडला. आत पांढरं, स्फटिकासारखं. पुढचे एक काका ओरडले, "अरे, ही तर तुरटी! दाढीनंतर फिरवतो ती!"

"हो काका. तुरटीनं मातीचे बारीक कण एकमेकांना चिकटतात, जड होतात आणि तळाशी बसतात. बसायला वेळ लागतो, म्हणून आरती एवढी लांब!"

मला वाटलं, संपलं. कसलं काय!

"असेना का तुरटी," आत्या उसळली. "पाणी स्वच्छ झालं ना? आमची आईसुद्धा पावसाळ्यात फिरवायची."

दोनशे माना डोलल्या.

"आणि नंतर उकळायची की नाही?" मी विचारलं. मी बाटली काढली. "हे तुझ्याच तांब्यातलं. नितळ होतं, दोन दिवसांत असं झालं." झाकण सैल केलं. सडक्या अंड्यांचा भपकारा आला, पहिली रांग खुर्च्यांसकट मागे सरकली. "तुरटीनं गाळ बसतो. जंतू सगळे जात नाहीत. नाल्यातून गू येतो आणि तुम्ही पंधरा दिवस तो पिताय!"

"पाखंडी कार्टी!" महाराज किंचाळले. त्यांचं बोट ताईच्या पोटाकडे वळलं. "याची फळं त्या गर्भाला..."

"त्या बाळाचं नाव काढायचं नाही." रांगेतून उठून पप्पा घंगाळापाशी येऊन उभे होते. "ऐका सगळे. घंगाळ उजळायला माझ्याकडेच येतं. तळाच्या गाळात तुरटीचे खडे होते. मी पहिल्याच दिवशी ओळखलं. गप्प बसलो. हातोडी चालू होती ना."

त्यांनी स्वतःच ठोकलेलं घंगाळ दोन्ही हातांनी उपडं केलं.

उल्काताई सावकाश उठली. "आत्या, माझ्या गोळ्या."

आत्यानं पिशवीतून पाकिटं काढून तिच्या हातावर ठेवली. महाराज 'ध्यानाला' म्हणून गाडीकडे निघाले होते. गर्दीतल्या गोदाबाईंनी वाट अडवली आणि कुणीतरी फोन करून बोलावलेले पोलीस येईपर्यंत त्यांना सासऱ्यांच्या हौदाचा खरा इतिहास ऐकवला.

पप्पांशी मी दोन दिवस बोलले नाही. फसवणाऱ्याची किळस येतेच हो. पण ओळखूनही गप्प बसणाऱ्या आपल्याच माणसाची जी किळस येते, ती धुऊन जात नाही.

म्हणून सांगते. चमत्कार दिसला की हात जोडण्याआधी तो उचलून बघा, खरवडून बघा. कुणी हात लावू देत नसेल तर तिथेच थांबा. कळलं असेल तर मोठ्यानं बोला, कारण पहिल्या रांगेत कुणाची तरी उल्का बसलेली असते. आणि पाणी उकळूनच प्या.