मोठ्या सिस्टरांचा नातू

माझ्या सासूबाईंच्या हाताखाली शिकलेली सिस्टर लांबूनही ओळखू यायची. ती बाळाकडे बघून हसायची नाही. आधी दुपटं सोडायची, झबलं वर करायची आणि छातीवर टाचलेल्या घड्याळाकडे एक डोळा ठेवून बाळाचं पोट बघत राहायची. पोट वर आलं की एक. असं पूर्ण मिनिटभर. नवं बाळ काही मोठ्या माणसासारखं श्वास घेत नाही. भराभर घेतं, मध्येच विसरल्यासारखं थांबतं, पुन्हा सुरू होतं. अर्धं मिनिट मोजून दुप्पट करणारी मुलगी सासूबाईंच्या वॉर्डात टिकली नाही. मग काखेत थर्मामीटर, मग तळपायाला हाताची उलटी बाजू, मग बाळ उचलून खिडकीशी. रंग बघायचा तो दिवसाच्या उजेडात. दिव्याखाली सगळीच गोरी दिसतात, असं त्या म्हणायच्या.

हल्ली ही कामं यंत्रं करतात. परवा नातीच्या बाळाला बघायला गेले तर त्याच्या पायाला लाल दिव्याचा चिमटा लावलेला, आणि घरची सगळी माणसं बाळाकडे पाठ करून पडद्यावरचे आकडे बघत होती. मी आपली खुर्ची ओढून पोट बघत बसले. नात म्हणाली, "आजी, ते मशीन बघतंय." बघू दे की. मीही बघते.

सासूबाई त्या वॉर्डाच्या मुख्य होत्या. सगळे त्यांना मोठ्या सिस्टर म्हणत. लांबलचक हॉल, अर्ध्या भिंतीपर्यंत हिरवा तेलरंग, दोन्हीकडे लोखंडी खाटा, प्रत्येक खाटेच्या पायथ्याशी बाळाचा छोटा पाळणा. फिनेलचा वास इतका की घरी आल्यावरही त्यांच्या केसांना यायचा. घरी त्या फारशा बोलायच्या नाहीत, पण जेवताना कधी लहर लागली तर वॉर्डातलं सांगायच्या, आणि ते ऐकायला मला आवडायचं. "झोपाळू बाळाला गुणी म्हणायचं ते त्याच्या आईने," त्या म्हणायच्या, "आपण नाही."

त्यांचा आणखी एक नियम होता. आपल्या माणसाचं बाळ आपण तपासायचं नाही. पूर्वी एका सिस्टरने आपल्या बहिणीची मुलगी स्वतः मोजली होती आणि तिला जे दिसावंसं वाटत होतं तेच दिसलं होतं. पोरगी हातची गेली. तेव्हापासून सासूबाईंच्या वॉर्डात नात्यातली बाळंतीण आली की त्या सिस्टरने तिच्या बाळाला बोटसुद्धा लावायचं नाही. "माया आली की डोळा लबाडी करतो," त्या म्हणायच्या. मला हे फार पटलं होतं. आजही, नियम म्हणून, पटतं.

मला दिवस गेले तेव्हा माझी आई निर्धास्त झाली. "सासूच वॉर्डात असताना काळजी कसली? घरचंच राज्य," ती म्हणाली. मुलगा झाला. चांगलं वजन, डोक्यावर भरपूर जावळ. जन्मला तेव्हा चांगला टाहो फोडला त्याने. तो आवाज मला अजून आठवतो, कारण नंतर तसा तो रडलाच नाही.

माझ्या शेजारच्या खाटेवर एक शिवणकाम करणारी होती, तिसऱ्या बाळंतपणाची. सगळा वॉर्ड तिला टेलरबाई म्हणे. तोंडाची फटकळ. दुसऱ्या दिवशी सकाळी चष्मेवाली सिस्टर तिच्या मुलीला तपासायला आली, सगळं अंग उघडं केलं, आणि पोरीने असा गोंधळ घातला की कोपऱ्यातली आयासुद्धा उठून बसली.

"सिस्टर, जरा हळू की. पोरगी आहे, कोंबडी नाही सोलायची," टेलरबाई म्हणाली.

"रडतेय ते चांगलं आहे, ताई. गप्प बसा, आकडा चुकतो."

मग ती माझ्याकडे आली. मला ती वहिनी म्हणायची, मोठ्या सिस्टरांच्या मुलाची बायको म्हणून. बाळाच्या दुपट्याचं टोक तिने उचललं, आत डोकावली आणि पुन्हा नीट खोचलं.

"झोपलाय शहाणा. उठवला तर मोठ्या सिस्टर म्हणतील, बाकी पोरं कमी पडली म्हणून माझ्या नातवाला रडवलंस?" ती हसली. दुपट्यावरूनच तिने थोडा वेळ बघितल्यासारखं केलं आणि पायथ्याच्या कार्डावर आकडे घातले.

"सिस्टर, तो दूध ओढतच नाहीये," मी म्हटलं. "तोंडात घेतो आणि झोपतो."

"आजी येतीलच आता फेरीला. त्यांच्या नजरेतून काय सुटणार आहे, वहिनी?"

ती गेल्यावर टेलरबाई म्हणाली, "तुमचं काय बाई, तुमचा जावईबापू. आमच्या पोरीला सोलून काढतात." आणि खोटं कशाला सांगू, मला त्याचं बरं वाटलं. वॉर्डभर पोरं किंचाळत होती आणि माझं मात्र सुखाने निजलेलं.

दुपारच्या फेरीला सासूबाई आल्या. पांढरा कडक पोशाख, हात पाठीमागे बांधलेले. टेलरबाईच्या मुलीचे तळपाय त्यांनी स्वतः चाचपले. माझ्या खाटेशी मात्र दोन पावलं अलीकडेच थांबल्या. कार्ड वाचलं, मान हलवली.

"आई," मी हळूच म्हटलं, "हा सकाळपासून प्यायलाच नाही. उठवलं तरी उठत नाही नीट."

त्यांनी बाळाकडे बघितलं. हात पाठीमागून सुटले होते, मी पाहिलं. ते त्यांनी पुन्हा बांधले.

"सिस्टरला सांग. मी इथे तुझी सासू आहे."

"सांगितलं. त्या म्हणाल्या तुम्ही बघाल."

"मी बघायचं नाही. ती बघेल," त्या म्हणाल्या आणि पुढच्या खाटेकडे वळल्या.

नंतर चष्मेवाली आली तेव्हा मी पुन्हा विषय काढला. तिने विचारलं, "मोठ्या सिस्टर आल्या होत्या ना? काही बोलल्या?"

"नाही. कार्ड बघितलं आणि गेल्या."

"मग झालं तर. काही असतं तर त्या गप्प बसल्या असत्या का?"

टेलरबाई कूस बदलत पुटपुटली, "दोन घरचा पाहुणा उपाशी." मला वाटलं दुधाबद्दल बोलतेय. तिलाही बहुतेक तेवढंच म्हणायचं होतं.

भेटीच्या वेळेला माझे यजमान आले, बरोबर मोठी नणंद. बाळ आता एक बारीकसा आवाज करत होतं. प्रत्येक श्वास सोडताना घशातून, ऊं, ऊं. नणंदेने कान जवळ नेला. "गातोय बघा कसा. आजोबांवर गेलाय." यजमान हसले. त्यांनी त्याचा सूर लावून बघितला, आणि मी पण हसले. तो आवाज गाण्याचा नव्हता. श्वास आत टिकवायला बाळ स्वतःच तो बाहेर ढकलताना अडवत होतं. कण्हणं म्हणतात त्याला. हे मला नंतर कळलं. त्या हॉलमध्ये हे ठाऊक असलेल्या बायका होत्या, पण त्यांतली एकही माझ्या पाळण्याजवळ वाकत नव्हती.

माणसं गेली, हॉल शांत झाला. चष्मेवाली टेलरबाईच्या पोरीवर वाकून मोजत होती. मध्येच थांबली. पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं, पुन्हा थांबली.

"हा आवाज कोणाचा येतोय?" तिने मान न वळवता विचारलं.

टेलरबाईने माझ्याकडे बोट केलं.

तिने दुपटं सोडलं तेव्हा पहिल्यांदा मी माझ्या मुलाचं अंग धड बघितलं. प्रत्येक श्वासाला बरगड्यांखाली खळगा पडत होता. पाय थंडगार, ओठांभोवती राखेचा रंग. चष्मेवालीने मोजलं नाही. मोजायचं राहिलंच नव्हतं काही. ती त्याला घेऊन आजारी बाळांच्या काचेच्या खोलीकडे अक्षरशः धावली, आणि तिची एक चप्पल माझ्या खाटेखाली राहिली.

जंतू रक्तात गेले होते. ऑक्सिजन दिला, इंजेक्शनं दिली, डॉक्टर बसून राहिले. सासूबाई काचेबाहेर उभ्या होत्या. नियमाप्रमाणे त्या आत गेल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी दुपारी तो गेला. सकाळी कळलं असतं तर वाचला असता का, असं मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, "सांगता येत नाही." चांगला माणूस होता, पण खोटं बोलायची सवय नव्हती.

पुढच्या आठवड्यात त्यांनी आम्हाला खोलीत बोलावलं. मी, यजमान, सासूबाई आणि चष्मेवाली. मला विचारलं, "बाळ पीत नाही हे तुम्ही कोणाला सांगितलं होतं?"

"सकाळी सिस्टरना," मी म्हटलं. "दुपारी आईंना."

सासूबाई ताठ बसल्या होत्या. "तिने सासूला सांगितलं," त्या म्हणाल्या. "माझ्यातल्या सिस्टरला नाही. मी तिला योग्य माणसाकडे पाठवलं. कार्डावरचे आकडे कुठून आले ते या सिस्टरना विचारा."

त्यात चुकीचं काहीच नव्हतं. प्रत्येक शब्द खरा होता. चष्मेवालीला काढून टाकलं. जाताना ती माझ्यापाशी आली, डोळे सुजलेले. "वहिनी, मी तुमच्याशी चांगलंच वागायला गेले हो," ती म्हणाली. तिच्यावर ओरडायचं मनात होतं माझ्या. पण आजवर माझ्याशी कोणी एवढं खरं बोललेलं नव्हतं.

घरी यजमानांना मी एवढंच म्हटलं, "त्यांनी एकदा हात लावून बघायला हवा होता."

"आई नियमानेच वागली," ते म्हणाले. "उद्या प्रत्येकीने नियम मोडला तर?"

 सासूबाई त्यांच्या नोकरीच्या शेवटापर्यंत मुलींना शिकवत राहिल्या, आणि म्हणे पूर्वीपेक्षाही कडक. मी त्यांचं सगळं केलं. पथ्यपाणी, औषधं, पाय चेपणं. सून म्हणून कोणाला बोट ठेवायला जागा दिली नाही. मीही नियमानेच वागले.

काही वर्षांनी मुलगी झाली. तेव्हा मी हट्टाने गावाच्या दुसऱ्या टोकाच्या इस्पितळात गेले. तिथे आमचं कोणी नव्हतं. सासूबाई सिस्टर होत्या हे मी कोणाला सांगितलं नाही, आणि यजमानांनाही सांगू दिलं नाही. तिथली सिस्टर एक धिप्पाड बाई होती, हात राकट. दर वेळी येऊन ती पोरीला नागडी करायची, पोरगी लाल होऊन किंचाळायची, आणि ती मला ओरडायची, "डोळे मिटू नका, बघा. ही बघा छाती. अशी दिसली पाहिजे. वेगळी दिसली तर मला हाक मारा, मी जेवत असले तरी."

सासूबाई आल्या तेव्हा ती मोजतच होती. त्या निवृत्त होऊन वर्ष झालं होतं. घरच्या साध्या कपड्यांत त्या कोणाच्याही आजीसारख्या दिसत होत्या. पाळण्यापाशी आल्या आणि थांबल्या नाहीत. सरळ हात पुढे करून त्यांनी नातीचा तळपाय धरला.

"आजी, हात काढा," सिस्टर म्हणाली. "मोजतेय मी. पाय धरला की श्वास बदलतो."

हे त्यांनीच किती मुलींना शिकवलं असेल. त्यांनी हात काढला नाही. माझ्याकडे बघितलं. मी सांगावं, या कोण आहेत ते, एवढंच त्यांना हवं होतं. सांगितलं असतं तर त्या धिप्पाड बाईनेही अदबीने बाजूला होऊन जागा दिली असती. सगळेच देतात.

"या कोण तुमच्या?" सिस्टरने मला विचारलं.

"सासूबाई."

"मग त्यांना जरा बाहेर बसवा. पुन्हा पहिल्यापासून मोजावं लागणार आता."

"आई," मी म्हटलं, "बाहेर बसा."

त्यांनी पाय सोडला. बाहेरच्या बाकावर जाऊन बसल्या, पाठ ताठ, हात मांडीवर. दार उघडंच होतं. पोरगी जिवाच्या आकांताने रडत होती, आणि मला माहीत होतं की तिथे बसून त्या ते रडणं ऐकत असणार, नीट, कान देऊन. मी त्यांना आत बोलावलं नाही. सिस्टरचं मोजून झालं, तिने झबलं खाली केलं, तरीही नाही.