डावा गाल

"कट! पुन्हा घेऊ," शिओरी मुनाकाता ओरडली आणि हातातला सुरा टाकून धावतच मॉनिटरपाशी आली. मासळी कापायच्या त्या शेडमध्ये पुन्हा तेच. नववा टेक होता!

पडद्यावर रबरी एप्रन घातलेली, डोक्याला फडकं बांधलेली मच्छीमाराची विधवा, म्हणजे शिओरीच, मासे कापत होती. सगळं कसं अगदी बरोबर. तरीही ती बाई मासे नाही, एप्रनच विकायला उभी राहिल्यासारखी दिसत होती.

सतराव्या वर्षी शिओरी तोक्योच्या मासिकांच्या मुखपृष्ठांवर झळकली, पंचविशीत सिनेमात आली. मग काय, नायकाची बायको, खून झालेली प्रेयसी, श्रीमंत घरची वहिनी. एका समीक्षकाने तिला 'देखणा खांब' म्हटलं होतं. ते दोन शब्द काट्यासारखे आत रुतून बसले. चाळिशी उलटल्यावर तर खांबालाही कुणी विचारेना. तेव्हा तिनेच कथा लिहिली, तीन वर्षं निर्मात्यांचे उंबरे झिजवले आणि दिग्दर्शक झाली. कशासाठी? या एका भूमिकेसाठी. आपल्याला अभिनय येतो, हे एकदाच, फक्त एकदाच दाखवायला.

"तोकुनागासान, खरं सांगा. काय चुकतंय?"

तिच्या पहिल्या फोटोवर उजेड टाकणारे तोकुनागा आता सत्तरीला आले होते. गळ्यातल्या टॉवेलने टक्कल पुसत ते म्हणाले, "दिग्दर्शकबाईंना सांगू की पोरीला?"

"पोरीला."

"तू उजेड शोधतेस. दिवा कुठंही लावा, तुझा डावा गाल बरोब्बर तिथं हजर! सत्तावीस वर्षांपूर्वी मीच शिकवलं ते. पाप माझंच."

"मग दिवा हलवा ना!"

"तीनदा हलवला. तूही तीनदा हललीस."

शिओरी दाराशी उभ्या बाईकडे वळली. "चौथ्यांदा हलवा. कियोएबाई, जरा माझ्या जागी उभ्या राहता? दिवा बघायचाय."

शेड कियोएचीच. शिओरीला सुरा धरायला तिनेच शिकवलं होतं. "नुसती काय उभी राहू?" कियोएने सुरा उचलला. "हे मासे काय तुमच्या सिनेमासाठी थांबणारेत? वास मारतील!"

डोळ्यांवर उजेड येतोय म्हणून ती सरळ दिव्याकडे पाठ करून उभी राहिली. पडद्यावर वाकलेली पाठ, एक कान आणि झपाझप चालणारे हात. मध्येच हात थांबले. तिने दाराबाहेर, धक्क्याकडे पाहिलं. बराच वेळ. मग पुढचा मासा घेतला.

"बर्फाची गाडी कुठं मेली कुणास ठाऊक," ती पुटपुटली.

शिओरी मॉनिटरला नाक टेकेल इतकी वाकली. नऊ टेकमध्ये जे सापडलं नव्हतं, ते समोर होतं.

"दिवा बरोबर आहे," सहाय्यक माकी म्हणाली. "तुमचा मेकअप नीट करून दहावा टेक घ्यायचा ना?"

हो म्हटलं असतं, तर कुणाला काही कळलंही नसतं.

नटाचं शेवटचं दृश्य झालं की सहाय्यकाने त्याचं नाव पुकारायचं, सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या, फुलं द्यायची, ही सेटवरची रीत. शिओरी ताठ उभी राहिली आणि तिने स्वतःच पुकारलं, "शिओरी मुनाकाता यांचं काम संपलं!"

कुणी टाळी वाजवली नाही.

"अहो, पण... पोस्टरवर तुमचा चेहरा आहे! निर्माते..." माकी रडकुंडीला आली. "आणि फुलं तर अठरा तारखेची सांगितलीत!"

"निर्मात्यांशी मी बोलते."

"संपलं का? अरे वा!" कियोएने ओल्या हातमोज्यांनीच धडाधड टाळ्या वाजवल्या. खवले उडाले. एक शिओरीच्या गालाला चिकटला.

शिओरीने एप्रन सोडला आणि कियोएच्या कमरेला बांधायला घेतला.

"हे काय? मला नाही हो तसलं काही येत!"

"तुम्ही मासे कापा. गाडी आली नाही, तर दाराकडे बघा."

गाठ तिला दोनदा सोडून पुन्हा बांधावी लागली.

मॉनिटरमागच्या खुर्चीत बसल्यावर तिची मान सवयीने वळली, दिव्याकडेच. डाव्या गालावरचा खवला चमकला. तोकुनागांनी ते पाहिलं. त्यांनी दिव्याची पत्र्याची झडप ओढली आणि तिच्यावर येणारा उजेड बंद केला.