गाळलेला सूर

माझ्या धाकट्या भावाला सगळं वाजवता येतं, असं लोक म्हणतात तेव्हा माझ्या पोटात अजून दुखतं. कारण सगळं तो शिकला आमच्याकडून, आणि कुणाला न विचारता.

बँड सुरू झाला आमच्या गॅरेजमध्ये. एक गिटारवाला, एक ड्रमवाला, मी अकॉर्डियनवर, आणि धाकटा फक्त गायचा. आम्ही चहा प्यायला बसलो की तो म्हणायचा, "जरा दे ना, बघतो." बघता बघता गिटारवाल्यापेक्षा बरी गिटार वाजवू लागला. गिटारवाला रुसून गेला. मग ड्रमवाला.

"आता तुझी पाळी, ताई," ड्रमवाला जाताना म्हणाला.

"अकॉर्डियन बाबांचं आहे. त्याला मी हात लावू देणार नाही."

त्या अकॉर्डियनची एक काळी पट्टी मेलेली होती, दाबली तरी आवाज नाही. आमच्या मुख्य गाण्यात नेमका तो सूर यायचा. मी तिथे बोट उचलायची, क्षणभर थांबायची आणि पुढे जायची.

सासूबाई आजारी पडल्या म्हणून मी गावी गेले. परत आले तर ते गाणं रेकॉर्ड झालेलं. सगळी वाद्यं एकट्या धाकट्याने वाजवलेली. माझा अकॉर्डियनचा भागसुद्धा, स्टुडिओतल्या कोऱ्या, धडधाकट अकॉर्डियनवर.

"तू नव्हतीस ना, ताई. स्टुडिओची तारीख हातची कशी घालवू?"

मी ऐकलं. मेलेल्या पट्टीच्या जागी तोही थांबला होता! माझी बोटं बघून शिकलेला, त्याला वाटलं चालच तशी आहे.

गाणं तुफान चाललं. त्या थांब्यावर लोक टाळी वाजवू लागले. समीक्षक लिहीत, हा थांबा म्हणजे प्रतिभा. रेडिओवर लागलं की आमचे हे मुद्दाम आवाज वाढवत. "अगं, ये लवकर, तुझ्या भावाची प्रतिभा आली!" मी भांडी जरा जोरात आपटायची.

यंदा त्याचा निरोपाचा कार्यक्रम ठरला. त्याची बोटं संधिवाताने आखडलेली. फोन आला.

"ताई, ते गाणं तू वाजवशील?"

"का? बाकी कुणी मिळालं नाही?"

"मिळाले. त्यांना तो थांबा जमत नाही."

मी गेले. तालमीत मुकाट्याने त्याला हवं तसं वाजवलं. पण अकॉर्डियन नवं होतं, आणि काळी पट्टी उत्तम बोलत होती.

कार्यक्रमात ती जागा आली. या खेपेला मी बोट उचललं नाही. सूर वाजवला, भरघोस, एवढी वर्षं पोटात ठेवलेला. आणि त्याच क्षणी सगळ्या प्रेक्षागृहाने टाळी वाजवली. सूर त्यात पार बुडाला. जळला मेला माझा सूर, म्हटलं.

पण धाकटा माझ्या शेजारी उभा होता. तो गर्रकन वळला, माईकवर हात ठेवला.

"ताई, हे काय वाजवलंस?"

"चाल."

"मग तेव्हा का नाही वाजवलीस?"

"पट्टी मेली होती रे, गाढवा."

तो माझ्या बोटांकडे बघत राहिला. पुढची ओळ गायची विसरला, ती लोकांनीच म्हटली.

मी वाजवत राहिले. तो सूर पुन्हा आला तेव्हा त्याने हात वर करून सगळ्यांच्या टाळ्या थांबवल्या.