केसभर उतरलेली तार

पाथरीच्या बसस्टँडमागं लिंबाजीचं भजनी वाद्यं दुरुस्त करायचं दुकान आहे. मार्च महिन्यात पेडगावची निकिता त्याच्याकडं एक वीणा घेऊन आली. ती तिथल्या उपकेंद्रात नर्स होती. वीणा तिच्या वारलेल्या वडिलांची.

"भोपळ्याला चीर गेली हाय, तेवढी बुजवा," ती म्हणाली. "पण खुंटीला हात लावू नका, काका. तार केसभर उतरलेली हाय, ती तशीच ठेवायची. बाबा लय जपायचे. म्हणायचे, तार हलली की माणसं हलतात."

लिंबाजी हसला. भजनी लोकांच्या असल्या गोष्टी त्यानं पुष्कळ ऐकल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी चीर बुजली. त्यानं तार छेडून पाहिली. पेटीच्या सुराला ती भिडता भिडता राहत होती. तीस वर्षं याच कानावर त्यानं पोट भरलं होतं. तो बाहेर जाऊन पाणी पिऊन आला, पुन्हा छेडली. दात शिवशिवले. शेवटी त्यानं खुंटी पिळली, अगदी थोडी, आणि सूर भिडला.

स्टँडवरचा सगळा गलका एका श्वासापुरता थांबला. मग मागून कुणीतरी म्हणालं, "दादा, चहा सांगू का?"

परमेश्वर. लिंबाजीचा धाकटा भाऊ. तीन वर्षांपूर्वी तो कालव्यात अडकलेली पाण्याची मोटार काढायला उतरला आणि बुडाला. दोन दिवसांनी कालव्याच्या गेटपाशी सापडला तेव्हा मनगटातल्या कड्यावरून लिंबाजीनंच त्याला ओळखलं होतं. ते कडं आता कोरड्या हातात होतं, आणि तो दारात उभा राहून उत्तराची वाट बघत होता.

"सांग," लिंबाजी कसाबसा म्हणाला.

घरी त्याच्या बायकोनं, कडूबाईनं, तीन ताटं वाढली. तिला कसलंच नवल वाटलं नाही. भिंतीवरचा परमेश्वरचा हार घातलेला फोटो गेला होता. खिळ्याचं भोकसुद्धा नव्हतं.

"रडायला काय झालं?" तिनं विचारलं.

"ठेचा तिखट हाय," लिंबाजी म्हणाला.

आठ दिवस तो भावाच्या मागं मागं फिरला. नवव्या दिवशी त्याला वीणेची आठवण झाली. वहीत जिथं निकिताचा फोन नंबर लिहिला होता, तिथं कोरा कागद होता. वीणा घेऊन तो मानवतला एसटी बदलून पेडगावला गेला.

उपकेंद्रात निकिता नावाचं कुणीच नव्हतं. मग त्यानं गावातल्या जुन्या वीणेकऱ्याचं घर विचारलं. तिथं त्याची बायको, नर्मदाबाई, एकटीच ज्वारी निवडत बसली होती.

"निकिता कोण?" ती म्हणाली. "आमाला लेकरूच झालं न्हाई, भाऊ." तिनं वीणेवरून हात फिरवला. "ही आमच्या मालकाची. कुठं व्हती इतके दिवस?"

थोडं काम राहिलंय, करून आणून देतो, असं लिंबाजी काहीतरी बोलला. ती त्याला उपाशी जाऊ देईना. "बसा, लाजू नका. रोज दोन भाकरी उरतात. मी एकटीपुरतंच पीठ घेते बगा, पण हाताला काय झालंय कळत न्हाई."

लिंबाजीनं मोडलेला तुकडा तसाच ताटात ठेवला.

दुकानात परतल्यावर त्यानं परमेश्वरला सगळं सांगितलं. परमेश्वरनं मनगटातलं कडं फिरवलं.

"म्हंजे मी मेलो व्हतो."

"व्हय."

"मला जायचं न्हाई, दादा."

"मी कुठं जा म्हणायलोय?" लिंबाजीनं वीणा फडताळात ठेवून दिली.

चार दिवस दोघांनीही तो विषय काढला नाही. पाचव्या दिवशी सकाळी लिंबाजी आला तेव्हा परमेश्वर वीणा मांडीवर घेऊन बसला होता. बोटं खुंटीवर होती.

"त्या बाईच्या भाकरी डोक्यातून जाईनात," तो म्हणाला. "कुठवर उतरवायची मला कळत न्हाई. तू ऐक आन् सांग."

लिंबाजीला नको म्हणता आलं असतं. तो समोर बसला.

परमेश्वरनं खुंटी सैल केली, तार छेडली.

"आजून," लिंबाजी म्हणाला.

पुन्हा छेडली.

"आजून थोडी."

तिसऱ्या वेळी सूर अगदी जवळ आला. लिंबाजीला ते कळलं आणि तो गप्प बसला. बाहेर कुणीतरी परभणीच्या गाडीची चौकशी करत होतं.

"किती राहिली?" परमेश्वरनं विचारलं. "दादा, खरं सांग."

"एवढीशीच."

परमेश्वरनं मान हलवली. खुंटी फिरली, तार वाजली, आणि वीणा रिकाम्या सतरंजीवर कलंडली. भोपळा आपटायच्या आत लिंबाजीनं ती झेलली.

दुपारी निकिता आली. "पंधरा दिवस झाले, काका. फोन पण उचलत न्हाई तुमी." तिनं तार छेडली, मान तिरकी करून ऐकलं. "जशी व्हती तशीच हाय," ती खूश होऊन म्हणाली. ती वीणा पोटाशी धरून जीपमध्ये बसेपर्यंत लिंबाजी दारात उभा राहिला.

घरी फोटो भिंतीवर होता, हार वाळलेला. कडूबाईच्या लेखी तो जाऊन तीन वर्षं उलटली होती. दुसऱ्यांदा गेलेल्या माणसाचं सुतक असतं का, हे लिंबाजीनं कुणालाच विचारलं नाही. तेरा दिवस दुकान बंद ठेवलं. शेजाऱ्यांनी चौकशी केली तेव्हा कान दुखतो म्हणाला.