पुढे न सरकणारी सीट

मित्रांनो, बसमध्ये चढलात की तुमची नजर आधी खिडकीकडे जाते. खिडकीची जागा मिळाली नाही तर तुम्ही तोंड पाडून दांड्याला लोंबकळता. पण सगळ्यात पुढे, मोठ्या काचेमागे, एक सीट असते. तिच्यासाठी तुम्ही कधी धावत नाही. ती मी, एका जुन्या बसमधली ड्रायव्हरची सीट. माझ्यासाठी भांडण झाले ते मोठ्या माणसांत, आणि असे झाले की डेपोत सरळ दोन तट पडले.

माझा सांगाडा लोखंडाचा, अंगात फोम आणि वर काळे रेक्झीन. ज्या कारागिराने मला घडवले, त्याने माझ्या पायाखाली दोन लोखंडी पट्ट्या बसवल्या आणि बाजूला एक खटका ठेवला. खटका ओढला की मी पुढेमागे सरके, सोडला की घट्ट बसे. सगळी माणसे एका मापाची नसतात, हे त्या कारागिराला पक्के ठाऊक होते. मला त्या खटक्याचा फार अभिमान होता. बसमधल्या बाकीच्या सीटांकडे मी जरा नाक वर करूनच बघायची. त्या बिचाऱ्या जन्मभर एकाच जागी!

माझ्यावर पहिले बसले ते लंबूकाका. दारातून आत येताना त्यांना मान वाकवावी लागे, आणि माझ्यावर बसताना मला अगदी मागे ढकलावे लागे. माणूस मायाळू, पण तोंडाने फटकळ. काही वर्षांनी पट्ट्या झिजल्या आणि जोरात ब्रेक लागला की मी खटका सोडून पुढे घसरू लागले. लंबूकाकांचे गुडघे स्टिअरिंगला आपटत. एक दिवस ते वैतागून त्या वेळच्या मिस्त्रींना घेऊन आले. मिस्त्रींनी नव्या पट्ट्या मागवण्याची कटकट केली नाही. त्यांनी मला मागच्या टोकाला ढकलले आणि वेल्डिंगचे दोन टाके मारून टाकले. लंबूकाका खूश झाले. मी मात्र त्या दिवशी जन्मभर एकाच जागी बसणाऱ्या सीटांच्या पंगतीत जाऊन बसले.

पुढे लंबूकाका निवृत्त झाले, ते मिस्त्रीही गेले. टाके राहिले. खटक्याची मूठ केव्हातरी गळून पडली आणि मी कधीकाळी सरकत होते हेच लोक विसरले. नंतर आलेले ड्रायव्हर कुणी मध्यम उंचीचे, कुणी त्याहून बुटके. पण एकानेही वाकून माझ्याखाली पाहिले नाही. प्रत्येकाने आपापला तोडगा काढला. कुणी पाठीमागे घडी केलेले पोते घ्यायचा, कुणी घरची जुनी उशी. सकाळी पिशवीतून काढायची, संध्याकाळी पिशवीत घालून घरी न्यायची. डेपोत याला "टेकू" म्हणत. याबद्दल कधी कुणी कुणाला हटकले नाही. हात धुवायला जसा साबण, तसा बसायला टेकू.

यातलेच एक दादा. लंबूकाकांनंतर डेपोत त्यांचाच शब्द चाले. हात असा हलका की उभ्या माणसाच्या कपातला चहा हिंदकळू नये. त्यांचा टेकू म्हणजे एक चौपदरी टॉवेल. दर संध्याकाळी ते कंबर धरूनच उतरत आणि वय झाले म्हणून स्वतःलाच दोष देत.

मग एक दिवस बातमी आली. ड्रायव्हरच्या भरतीत काही जागा बायकांसाठी राखून ठेवल्या होत्या.

दुपारच्या सुटीत मंडळी माझ्याभोवती चहा पीत बसायची. त्या आठवड्यात तिथे दुसरा विषय नव्हता. एक म्हणे, रस्ता काही बाई-बाप्या बघत नाही, ज्याला येते त्याने चालवावी. दुसरा म्हणे, इतकी वर्षे आपल्याकडे एकही बाई आली नाही ती काय त्यांना चाकाची भीती वाटत होती म्हणून? दार कुणी उघडले होते का? दादा एरवी सगळ्यांना गप्प करत. या वेळी ते स्वतःच गप्प होते. त्यांच्या मुलाने त्याच भरतीचा अर्ज भरला होता.

निकाल लागला. मुलाचे नाव थोडक्यात हुकले. त्याच्यापेक्षा कमी गुण असलेली एक बाई राखीव जागेवर घेतली गेली. दुसऱ्या दिवशी दादा माझ्यावर बसले, पण बराच वेळ त्यांनी किल्ली फिरवली नाही. मित्रांनो, त्यांचा राग मला पोकळ वाटला नाही. पोरगा घरात मान खाली घालून बसला असेल, तर बापाने काय करावे?

ती नवी बाई आली. तिला सगळे ताई म्हणू लागले. काही प्रेमाने, काही टोमणा म्हणून. लहानखुरी, पण खांदे भक्कम. आधी ती मालाचा टेम्पो चालवायची. तिची नोकरी अजून पक्की नव्हती. डेपोच्या आवारात चाचणी द्यायची होती: पिंपांच्या मधून बस मागे घ्यायची आणि चढावर थांबवून पुन्हा उचलायची. पास झाली तर कायम, नापास झाली तर घरी. टेम्पोची नोकरी ती सोडून आली होती.

डेपोच्या साहेबांना वाटत होते की कुणी नंतर बोट दाखवू नये. म्हणून त्यांनी जाहीर केले की चाचणी सगळ्यांना सारखी. तीच बस, तीच सीट, कुणाला कसलीही सवलत नाही. सगळ्यांनी माना डोलावल्या. ताईनेही डोलावली.

ती माझ्यावर बसली. सवलत नाही म्हटल्यामुळे तिने पाठीमागे काही घेतले नव्हते, आणि तिची पाठ माझ्यापासून वीतभर लांब राहिली. क्लच पुरता दाबायला तिला माझ्या पुढच्या कडेपर्यंत घसरत यावे लागत होते. तरी पिंपांमधून तिने बस नीट मागे आणली. चढावर मात्र घात झाला. बस उचलताना पाय क्लचवरून निसटला, गचका बसला आणि बस मागे घरंगळत जाऊन पिंपाला धडकली. बघणाऱ्यांतून कुणीतरी हसले. मी निर्जीव आहे, पण त्या क्षणी लाजेने मेले. नापास मी झाले होते आणि नाव तिचे लागत होते.

दादा पुढे आले. त्यांना तिचा अपमान करायचा नव्हता, असे मला अजून वाटते. त्यांना फक्त दाखवायचे होते.

"बाई, उतरा जरा. चढावर गाडी कशी उचलतात ते बघा," ते म्हणाले.

ते माझ्यावर बसले. आणि रोजच्या सवयीने, काही मनात न आणता, त्यांनी पिशवीतून टॉवेल काढला, पाठीमागे खोचला आणि किल्लीला हात घातला.

ताई दाराशीच उभी होती. "दादा, ते काय आहे?" तिने शांतपणे विचारले.

"हे? टेकू आहे. रोजचाच."

"मग तो मला का नाही चालत?"

दादांचा हात किल्लीवरच राहिला. साहेबांनी बाकीच्या ड्रायव्हरांकडे पाहिले, आणि जो तो आपापल्या पिशवीकडे बघू लागला. इतक्या वर्षांत त्यातल्या एकालाही आपण सवलत घेतो आहोत असे वाटले नव्हते. खोटे नव्हते कुणी. सवयीची वस्तू डोळ्यांना दिसत नाही, एवढेच.

नव्या मिस्त्रींनी, त्यांना डेपोत येऊन फार दिवस झाले नव्हते, खाली वाकून माझ्याखाली टॉर्च मारला. सीट मुळात सरकणारी आहे, मधे कुणीतरी टाके मारून ठेवलेत, असे त्यांनी सांगितले. टाके कापायला फार वेळ लागणार नव्हता.

दादा उतरले. त्यांचा चेहरा लाल झाला होता. "आज सीट पुढे घ्याल, उद्या चढ कापून सपाट कराल," ते साहेबांना म्हणाले.

"चढ आहे तिथेच राहू द्या," ताई म्हणाली. "मला फक्त क्लचपर्यंत पाय पोचू दे."

मग दादांच्या मनातले बाहेर पडलेच. आवाज चढवून नव्हे, अगदी खालच्या स्वरात. "माझ्या मुलाला तुमच्यापेक्षा जास्त गुण होते. त्याचं काय चुकलं, ते सांगा."

ताई त्यांच्याकडे वळली. मग म्हणाली, "त्याचं काही चुकलं नाही, दादा. माझंही नाही. माझ्या आईला गाडी शिकायची होती, तेव्हा तिला अर्जसुद्धा मिळाला नव्हता. तो हिशेब तुमच्या मुलाकडून वसूल व्हावा असं मलाही वाटत नाही. पण मग कुठून सुरुवात करायची, ते तुम्हीच सांगा."

दादांनी टॉवेल पिशवीत कोंबला. खरे सांगायचे तर याचे उत्तर माझ्याकडेही नाही.

साहेबांनी टाके कापायला सांगितले आणि चाचणी पुन्हा घ्यायचे ठरवले, कारण आधीची सारखी नव्हतीच. ठिणग्या उडाल्या, माझे अंग थरथरले, आणि पट्ट्या बदलून खटक्याला नवी मूठ लावल्यावर मी कितीतरी वर्षांनी पुढे सरकले. ताईची पाठ मला टेकली. तिने चढावर बस थांबवली, श्वास घेतला आणि उचलली. बस तसूभरही मागे आली नाही. टाळ्या वाजल्या. सगळ्यांनी नाही वाजवल्या, पण वाजल्या.

दुसऱ्या दिवशी पहिली फेरी दादांची होती. ते आले, बसले. आजूबाजूला कुणी नाही हे त्यांनी पाहून घेतले. मग हात खाली गेला, खटका सापडला, आणि त्यांनी मला पुढे घेतले. थोडी, मग अजून थोडी. त्यांची पाठ, जी मी वर्षानुवर्षे नुसती मागून पाहत आले होते, पहिल्यांदा माझ्यावर विसावली. ते तसेच बसून राहिले. काचेत मला त्यांचे डोळे दिसत होते, आणि ते भरून आले होते. मला वाटते, त्यांना आपल्या कंबरदुखीची सगळी वर्षे आठवत असावीत.

फेरी संपवून उतरताना ताई समोरून आली. पुढची फेरी तिची होती. दादा क्षणभर थांबले.

"मी माझ्या मापाची केलीय. तू तुझ्या मापाची करून घे," ते म्हणाले आणि निघून गेले. कंबर धरून नव्हे, सरळ चालत.

मुलाचा प्रश्न त्यांच्या मनातून गेलेला नाही. पुढच्या भरतीची वाट ते बघत आहेत, आणि मीही बघते आहे. तो पोरगा माझ्यावर बसावा असे मला मनापासून वाटते. पण कुणी मागे पडला तर त्याच्या पायांना दोष देण्याआधी, मित्रांनो, एकदा खाली वाकून बघत जा. आणि माझ्यासाठी काही करावेसे वाटलेच, तर नवी सीट नको, नवे रेक्झीनही नको. खटक्यात तेवढे थेंबभर तेल घालत जा. माझ्यावर रोज कुणीतरी वेगळे बसणार आहे.