पायगुणाचे चार चौकोन

आधीच सांगून टाकते, या घरात मी एकतीस वर्षं लक्ष्मी म्हणून मिरवले. लग्न होऊन शाहपुरला आले त्या वर्षी वादळात आजूबाजूच्या केळीच्या बागा झोपल्या आणि आमची तेवढी उभी राहिली. माझे थोरले दीर, दगाभाऊ, गावभर सांगत सुटले की हा धाकट्या सुनेचा पायगुण. तेव्हापासून दर मृगाला वरच्या वावरात पहिलं रोप माझ्या हातचं. जरीचं पातळ, हळदीकुंकू, नारळ, सगळा थाट. सकाळच्या बसने बुऱ्हाणपूरला जायचं, इतवाऱ्यातल्या शाळेत नववीच्या मुलांना नाणं उडवून प्रायिकता शिकवायची आणि संध्याकाळी घरी येऊन लक्ष्मी व्हायचं. यात काही विसंगत आहे हे मला कधी खटकलं नाही. खोटं कशाला बोलू, आवडायचं.

गेल्या वर्षी नऊ मेला आमच्या नीलेशचं लग्न झालं. सून हिमानी बुऱ्हाणपूरची, तोंडाने फटकळ, कामाला चटपटीत. सत्तावीस मेला वादळ आलं. पाऊण तासात बाग आडवी. घड भरलेले, कापणीला तीन आठवडे उरलेले, आणि झाडं कमरेतून मोडलेली. हिमानीच्या नखांवरची मेंदी अजून तशीच होती.

तिसऱ्या दिवशी दगाभाऊ ओट्यावर येऊन बसले. थोरल्या दिराने धाकट्या भावजयीशी थेट बोलायचं नाही, ही आमच्याकडची रीत. मी समोर चहाचा कप घेऊन उभी असले तरी ते माझ्या नवऱ्याला सांगणार आणि मी नवऱ्याला उत्तर देणार. भूपेंद्रची सारी हयात अशी टपालपेटी होण्यात गेली.

"भूपेंद्र, घरात सांग," दगाभाऊ म्हणाले. "मी पोरीले नावं ठेवत नही. चांगली आहे. पन तिचा पाय पडला आन् वावर झोपलं, हे समद्यांनी पाह्यलं. लागवड होईलोक तिले माहेरी धाडा. पह्यलं रोप प्रतिभानं लावावं, दरसाल लावते तसं."

एवढं बोलून ते चहा संपवून गेले. मला काय ते नीट कळलं. लागवडीच्या वेळी सुनेला माहेरी धाडलं, की आठ दिवसांत शाहपुरात ती पांढऱ्या पायाची ठरली. मग म्हैस आटली तरी तीच, मूल तापलं तरी तीच. हा शिक्का म्हातारपणीही पुसत नाही. शिवाय तिच्या धाकट्या बहिणीचं, सायलीचं, आमच्याच भाऊबंदांत बोलणं चाललं होतं. तेही मोडलं असतं.

हिमानी दाराआडून सगळं ऐकत होती. "मम्मी, मी नही जाणार," ती म्हणाली. "आंधी क्या मेरे मायके से आई थी?"

मला हसू आलं आणि लगेच तोंड उतरलं. आंधी तिने आणली नसेल, तर एकतीस वर्षांपूर्वी ती मीही थांबवली नव्हती. ज्या न्यायाने ती पांढऱ्या पायाची, त्याच न्यायाने मी लक्ष्मी. त्यातलं गोड तेवढं ठेवायचं आणि कडू फेकायचं, हे मला शोभणार नव्हतं.

त्या दुपारी आम्ही दोघी कामाला लागलो. आमच्याकडे लग्नपत्रिका टाकत नाहीत, तारेत ओवून खुंटीला टांगतात. कुठल्या घरात कुठल्या वर्षी सून आली ते तारेवर सापडलं. बाग पडली की पंचनामा होतो, त्याचे कागद भूपेंद्रच्या ट्रंकेत होते. बाकीच्या घरांचं हिमानीने फोन करकरून विचारलं. आमच्या भावकीतली अकरा घरं, पंधरा वर्षं. चार दिवस लागले. हिमानी वाचून दाखवायची आणि मी रेघा ओढायची.

एक हिशेब मात्र मी एकटीने केला, ती आंघोळीला गेली असताना. तो कागद घडी करून ब्लाउजमध्ये खोचला आणि कोणालाही दाखवायचा नाही असं ठरवलं.

रविवारी सकाळी दगाभाऊ आणि थोरल्या जाऊबाई, लीलाबाई, आल्या. मी ओट्यावर खडूने मोठा चौकोन काढला आणि त्याचे चार भाग केले. मग डोक्यावरचा पदर नीट केला आणि म्हणाले, "भाऊ, आज मी तुमच्याशीच बोलणार. यांना चहा पिऊ द्या."

लीलाबाईंनी तोंडाला पदर लावला. भूपेंद्रने खरंच कप उचलला.

"हा पहिला चौकोन. सून आली आणि त्याच वर्षी बाग पडली. नऊ वेळा. गावाला एवढा एकच दिसतो. हा त्याच्या शेजारचा. सून आली आणि बाग उभी राहिली. एकवीस वेळा. त्याची गोष्ट कोणी सांगत नाही, कारण त्यात सांगण्यासारखं काही घडलंच नाही. आता खाली या. सून आलीच नाही, तरी बाग पडली. एकेचाळीस वेळा. तेव्हा कोणाचा पाय होता? आणि हा शेवटचा. सून नाही आणि बाग उभी, चौऱ्याण्णव वेळा. सून येवो न येवो, दहात तीनदा बाग पडते. आपल्याकडे लग्नं मे महिन्यात आणि वादळंही मे महिन्यात. एकाच महिन्यात येतात म्हणून त्यांची ओळख असतेच असं नाही."

दगाभाऊंनी चारही चौकोनांवरून बोट फिरवलं. बागाईतदार माणूस, आकड्यांना घाबरणारा नव्हे. "दहात तीन, मानलं," ते म्हणाले. तेही आता थेट माझ्याशी बोलत होते. "पन ती ह्याच साली का पडली?"

"वारा सुटला म्हणून. त्या दिवशी तापीच्या दोन्ही काठांना किती बागा पडल्या? त्या समद्या घरांत आमची हिमानी जाऊन आली होती का?"

मागून हिमानी फिस्कन हसली. दगाभाऊंच्या कपाळाची शीर उठली.

"आन् तुझं?" ते म्हणाले. "तुझ्या हाताची बाग टिकते, हे मी माझ्या डोयांनं पाह्यलं. तेबी खोटं का?"

आपल्या हाताने आपला मान मोडायचा म्हणजे काय, ते तेव्हा कळलं. तरी मी ब्लाउजमधला कागद काढला.

"वरच्या वावरात पहिलं रोप मी लावते. खालच्यात मजूर लावतात. अठ्ठावीस लागवडींचे कागद आहेत. माझ्या हातची बाग नऊदा पडली. मजुरांची आठदा. तुमच्या ध्यानात माझ्या उभ्या राहिलेल्या तेवढ्या राहिल्या, भाऊ. पडल्या त्या वर्षी तुम्ही कोणाची तरी नजर लागली म्हणायचे. आणि मीही मान डोलवायची."

"असं अभद्र बोलू नको वं," लीलाबाई कळवळून म्हणाल्या.

"बोलू द्या. भाऊ, मला एक सांगा. हिमानीने रोप लावलं आणि बाग टिकली, तर तिचा पाय चांगला म्हणाल?"

"मी मारुतीले नारळ फोडीन, त्याच्यानं टिकन."

"आणि पडली तर?"

त्यांनी चहाचा कप तोंडाला लावला.

"तर पाय. म्हणजे काहीही झालं तरी तुमचंच खरं. मग त्या खऱ्याची किंमत ती काय? माझं बघा. तिच्या हातची बाग दहा वर्षांत सात-आठदा पडली, तर मी माझे आकडे गिळून तुमच्या पायावर डोकं ठेवीन. पण दोन-तीनदा पडणारच, ते आजच सांगून ठेवते. तेव्हा कोणी तिच्याकडे बघायचं नाही. ती माहेरी जाणार नाही, आणि या वर्षी पहिलं रोप तीच लावणार."

दगाभाऊ उठले. जाताना त्यांनी लुंगी सावरली आणि खडूच्या रेघांवर पाय न देता कडेने उतरले.

लागवडीला ते आले नाहीत. हिमानीने रोप लावलं, नारळ फोडला, खोबरं मजुरिणींना वाटलं. मी बांधावर रिकाम्या हातांनी उभी होते. वाईट वाटलं, आणि ते कोणाला सांगताही येत नव्हतं. सायलीचं लग्न मात्र ठरलं. यंदाच्या एप्रिलमध्ये ती आमच्या भावकीत, दोन गल्ल्या सोडून, सून म्हणून आली.

यंदाही मेमध्ये वादळ आलं. आमची बाग राहिली. सायलीच्या सासरची पडली.

दोन दिवसांनी दगाभाऊ आले ते बुऱ्हाणपूरहून मावा जिलेबीचा पुडा घेऊनच. चेहरा फुललेला. "प्रतिभा, मी चुकलो होतो," ते म्हणाले. "ही पोरगी लक्ष्मी निंघाली. तुझ्याहून भारी पायगुन! धर, तोंड गोड कर."

माझे डोळे भरून आले. वर्षभर हे ऐकायला कान आसुसले होते. मी हात पुढे केलासुद्धा.

"मोठे बाबा, जिलेबी ठेवा," हिमानी म्हणाली. "पायगुण परत न्या."

"अवं, मी चांगलं म्हनतो तुले!"

"मला चांगला घेतला, तर सायलीला वाईट घ्यावा लागेल. दोघींच्या घरांवरून एकच आंधी गेली. मेरे को नही चाहिए."

मी पुढे केलेला हात तसाच राहिला. वर्षभर आकडे घोकणारी मी, एका गोड शब्दाला पुन्हा भुलले होते, आणि सायलीची मला आठवणही झाली नव्हती. इतकी लाज मला इतक्या वर्षांत वाटली नव्हती.

पत्रिकांच्या तारेशेजारी भिंतीवर हिमानीने ते चार चौकोन गेरूने काढून ठेवले होते. तिने शेवटच्या चौकोनात एक रेघ ओढली. "हे आपलं घर. यंदा नवी सून नाही, बाग उभी." मग पहिल्यात एक. "आणि ही सायली. दहा आणि एकवीस. अजूनही दहात तीनच."

तिने पुडा उचलून माझ्या हातात दिला. "चला मम्मी, तिच्याकडे जाऊन खाऊ. दोन दिवस झाले, तिला कोणी स्वैपाकघराबाहेर येऊ दिलेलं नाही."

मी चपला घातल्या. दगाभाऊ ओट्यावर बसून भिंतीकडे बघत होते. आम्ही गल्लीच्या तोंडाशी पोचलो तेव्हा मागून त्यांची हाक आली, माझ्या नावाने, थेट.

"प्रतिभा, थांब. मीबी येतो. त्या घरी पांढऱ्या पायाचं मीच बोललो होतो."